नाशिकमधून सहायक अभिनेत्री होताना: पहिल्या ऑडिशनपासून पहिल्या बिलापर्यंत

मालिका बघताना घरात कोणीतरी हमखास म्हणतं, "ही बाई मागे त्या दुसऱ्या मालिकेत होती ना गं?" नाव आठवत नाही, चेहरा मात्र पक्का लक्षात असतो. हा लेख त्या बाईच्या कामाबद्दल आहे. आत्या, शेजारीण, मोठी जाऊ, वकीलबाई, नायिकेची मैत्रीण, हॉस्पिटलातली सिस्टर, वाड्यावरची जुनी मावशी. कौटुंबिक मालिकेत घरातलीच आठ-दहा माणसं असतात. नायिका त्यात एकच. बाकीच्यांना रोज उठून तोंडाला रंग लावायचा असतो, आणि मालिका दोन-तीन वर्षं चालली तर त्यांचंही घर त्यावर चालतं.

नाशिकमध्ये हौशी रंगभूमीवर कामं केलेल्या, आता कॅमेऱ्यासमोर जावंसं वाटणाऱ्या मुली आणि बायका, दोघींसाठी हे लिहितेय. बायका मुद्दाम म्हटलं. नायिकेला वयाची चौकट असते, आपल्या कामाला नसते. मुलं दहावी-बारावीला गेल्यावर सुरुवात करणाऱ्या, बँकेतून निवृत्त होऊन थेट आजीची भूमिका करणाऱ्या बायका या धंद्यात आहेत, आणि त्यांना मागणीही आहे.

आधी मनाशी ठरवा: हे वेगळं काम आहे

"नायिका व्हायला आले होते, जमलं नाही म्हणून वहिनी करतेय" असं मनात धरून सेटवर उभी राहिलेली बाई कॅमेऱ्यात लगेच ओळखू येते. तिची वहिनी सतत नायिकेच्या जागेकडे बघत असते. सहायक भूमिकेत आपण समोरच्याच्या सीनला आधार द्यायचा असतो, आणि तो देता देता आपलं माणूस उभं करायचं असतं. ज्यांना ऐकायला आवडतं त्यांना हे काम मानवतं. ज्यांना फक्त बोलायला आवडतं त्यांनी नीट विचार करावा.

आपल्या जिल्ह्याचा या कामाशी फार जुना संबंध आहे. 'राजा हरिश्चंद्र'मध्ये तारामती करायला बाई मिळाली नाही म्हणून दादासाहेब फाळक्यांनी अण्णा साळुंके यांना साडी नेसवली, ही गोष्ट सगळ्यांना माहीत असते. पुढे फाळक्यांनी आपला कारभार नाशिकला हलवला आणि १९१३ सालच्याच 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई या दोघींनी काम केलं. मोहिनी झाली मुलगी, आई झाली पार्वती. म्हणजे आपल्याकडे पडद्यावर बाई आली तेव्हा नायिका आणि सहायक अभिनेत्री बरोबरच आल्या.

आणि येवला. ललिता पवार येवल्याच्या, जन्म १९१६. नायिका म्हणून बरं चाललेलं असताना १९४२मध्ये एका सीनमध्ये बसलेल्या थपडेने त्यांच्या चेहऱ्याची एक बाजू लुळी पडली आणि डावा डोळा कायमचा बारीक झाला. उपचारांत काही वर्षं गेली. परत आल्या त्या चरित्र भूमिकांमध्ये. खाष्ट सासू तर त्यांनी केलीच, पण 'अनाडी'तली घरमालकीण मिसेस डिसाही केली. वरून फणकारणारी, आतून मायाळू. १९५९च्या त्या भूमिकेसाठी त्यांना सहायक अभिनेत्रीचा फिल्मफेअर मिळाला. १९८७मध्ये दूरदर्शनवरच्या 'रामायण'मध्ये मंथरा झाल्या. मंथरेचं काम किती, तर मोजक्या प्रसंगांचं. पण ती मालिका पाहिलेल्या कोणालाही मंथरेबद्दल विचारा. एकदा मिसेस डिसा आणि मंथरा लागोपाठ बघा. तोच चेहरा, तोच डोळा. एकदा त्यातून जिव्हाळा दिसतो, एकदा कावा. शिकवणीला पैसे भरण्याआधी हा अभ्यास फुकटात होतो.

पायरी पहिली: कामाचे प्रकार ओळखा

फोन येतो तेव्हा समोरचा भराभर बोलतो आणि आपण "हो हो" म्हणून मोकळ्या होतो. म्हणून शब्द आधी कळलेले बरे.

घरातलं कायमचं पात्र असेल तर त्याला कॅरेक्टर म्हणतात. यात बहुतेक वेळा महिन्याला अमुक दिवस काम देऊ अशी हमी ठरते. तीन-चार दिवसांसाठी येणारी वकीलबाई किंवा नायिकेला बघायला आलेल्या मुलाची आई म्हणजे कॅमिओ. तिथे रोजावर पैसे. एखाद-दुसरं वाक्य असलेली नर्स, भाजीवाली, पोलीस ही एका दिवसाची कामं. आणि लग्नाच्या मांडवात, बाजारात, कोर्टात मागे जी गर्दी असते ते ज्युनिअर आर्टिस्ट. त्यांची व्यवस्था, पुरवठादार आणि संघटना सगळं वेगळं असतं.

गर्दीत उभं राहण्यात कमीपणा नाही, पण मला वाटतं अभिनय करायचा असेल तर तो दरवाजा आपला नाही. गर्दीतून भूमिकेकडे जाणारा जिना फार क्वचित कोणाला सापडतो. एका वाक्याची नर्स करा, तिच्या सीनचा व्हिडिओ तुकडा जपून ठेवा. पुढच्या माणसाला दाखवायला तो उपयोगी पडतो.

पायरी दुसरी: नाशिकमध्येच पाया घाला

मुंबई कुठे पळून जात नाही. आपल्याकडे राज्य नाट्य स्पर्धेचं प्राथमिक केंद्र आहे. सायखेडकर नाट्यगृहात रांगेने नाटकं होतात. कामगार कल्याण मंडळाच्या स्पर्धेसाठी कंपन्यांमधले लोक तालमी करतात. कुसुमाग्रज स्मारकात वाचनं, एकांकिका असं काही ना काही चालू असतं. तालमीच्या दिवसांत गावातल्या नाट्यसंस्थांना बायकांची पात्रं नेहमीच कमी पडतात. दिवाळीच्या आधी जाऊन "मला काम करायचंय" असं सांगा. पहिल्या वर्षी कदाचित कपडेपट सांभाळायला लावतील. सांभाळा. तालमीत बसून दुसऱ्यांची कामं बघण्याइतकी चांगली शाळा नाही.

नाटकात मोठी भूमिका मिळावी म्हणून अडून बसू नका. तीन प्रवेशांतल्या काकूचं काम घ्या आणि तिला नाव, माहेर, गुडघेदुखी, नवऱ्यावरचा राग असं सगळं द्या. राज्य नाट्य स्पर्धेत अभिनयाची रौप्यपदकं आणि प्रमाणपत्रं असतात. छोट्या भूमिकेलाही ती मिळू शकतात.

नाटकातून कॅमेऱ्याकडे जाताना एक गोष्ट सोडावी लागते. शेवटच्या रांगेपर्यंत पोचवायची सवय. सेटवर माइक तुमच्या ब्लाउजला अडकवलेला असतो. तुम्ही कुजबुजलात तरी ऐकू जातं आणि भुवई उचललीत तरी पडद्यावर हातभर दिसते. यावर साधा सराव म्हणजे मोबाइल समोर ठेवून घरातल्या कोणाशी तरी खरंखुरं बोलायचं, मग तेच वाक्य संवाद म्हणून म्हणायचं आणि दोन्ही शेजारी ठेवून बघायचं. फरक स्वतःलाच लाजवतो.

रीतसर शिकायचं असेल तर पुणे विद्यापीठाचं ललित कला केंद्र आणि मुंबई विद्यापीठाची अकादमी ऑफ थिएटर आर्ट्स या दोन जागा आधी बघा. नाशिकच्या अनिता दाते ललित कला केंद्रातूनच पुढे आल्या. ज्यांना घर सोडता येत नाही त्यांनी दोन दिवसांच्या 'स्टार बना' छाप कार्यशाळांवर पैसे उधळण्यापेक्षा नाट्यसंस्थेत वर्ष काढावं.

भाषेचं थोडं वेगळं आहे. प्रमाण मराठी स्वच्छ हवीच. 'आणि पाणी'तला 'ण' गडबडला की मालिकेत चालत नाही. पण तुमची आजी कळवणची, सटाण्याची किंवा मालेगावकडची असेल आणि घरात अहिराणी चालत असेल तर ती दडवू नका. "गावाकडची भाषा येते का?" असं ऑडिशनला नेहमी विचारतात, आणि बहुतेक जणी कुठलीच नसलेली एक भेळ बोलून दाखवतात. ज्या बाईला एका मुलखाची बोली तिच्या हेलासकट येते, तिचं नाव लिहून ठेवतात. आजीला गप्पांत गुंतवून रेकॉर्ड करा आणि ऐकत राहा. वर हिंदी बरी करा, कारण हिंदी मालिकांमध्ये मराठी कामवाली, मराठी शेजारीण लागतेच. तेच ते साचेबद्ध पात्र असतं, चिडचिड होते, पण सुरुवातीला ते दार उघडं असतं.

पायरी तिसरी: फोटो आणि माहिती

यावर कमीत कमी खर्च करा. महागडा पोर्टफोलिओ, ढगळ गाऊन, उडते केस यांची सहायक भूमिकेच्या कास्टिंगला काडीची गरज नसते. चार फोटो हवेत. मेकअप न केलेला चेहरा समोरून, एका बाजूचा, उभा पूर्ण, आणि साध्या साडीत केस बांधून. साडीतला फोटो घरातल्या बाईसारखा दिसला पाहिजे. लग्नाला निघाल्यासारखा नको. वय लपवू नका. पस्तिशीची बाई पंचविशीची म्हणून फोटो पाठवते, तेव्हा पंचविशीचं काम तर मिळत नाहीच, पस्तिशीचंही हातचं जातं. केस पिकले असतील तर रंगवण्याआधी विचार करा. पांढऱ्या बटा ही आपल्या कामात कमाई आहे.

माहितीत नाव, उंची, कोणत्या वयाची भूमिका करू शकता, भाषा आणि बोली, आधीची कामं, राहण्याचं गाव आणि फोन नंबर एवढं पुरे. नाशिक लिहायला घाबरू नका. "बोलावल्यावर मुंबईत येऊ शकते" असं पुढे जोडा. गाडी चालवता येते, पोहता येतं, नऊवारी स्वतःची स्वतः नेसता येते, शिवणयंत्र चालवता येतं, भजन म्हणता येतं, असलं काही असेल तर आवर्जून लिहा.

पायरी चौथी: ऑडिशन, म्हणजे मुख्यतः सेल्फ टेप

आता पहिली फेरी मोबाइलवरच होते. स्क्रिप्ट रात्री उशिरा येते आणि "सकाळी दहापर्यंत पाठवा" असा निरोप असतो. म्हणून घरातली जागा आधीच ठरवून ठेवा.

साधी भिंत, फुलांची किंवा कॅलेंडरची नको. खिडकी तुमच्या तोंडासमोर हवी, पाठीमागे नको. मोबाइल आडवा, डोळ्यांच्या उंचीवर, स्टँड नसेल तर पुस्तकांच्या चवडीवर टेकवून. पंखा बंद, कुकर बंद. गंगापूर रोडच्या फ्लॅटमध्ये हॉर्नचे आवाज येणार, म्हणून पहाटे पाच-साडेपाचला रेकॉर्ड केलेलं चांगलं. फक्त उजेडासाठी ट्यूबलाइट चेहऱ्यासमोर येईल अशी बसा. आधी ओळख द्यायची: नाव, वय, उंची, गाव, आणि डावी-उजवी बाजू वळून दाखवायची. हसतमुख, पण सेल्सगर्लसारखं नको. मग सीन.

समोरच्या पात्राचे संवाद घरातल्या कोणाला तरी म्हणायला लावा. त्या माणसाने कॅमेऱ्याच्या अगदी शेजारी बसायचं आणि सपाट, हळू वाचायचं. नवऱ्याला किंवा भावाला अभिनयाचा किडा असेल तर त्याला घेऊ नका. त्याचाच आवाज टेपभर भरून राहतो.

आता खरी गोष्ट. समजा स्क्रिप्टमध्ये इतकंच आहे: धाकटी जाऊ सांगते की तिला नोकरी लागलीय, मोठी जाऊ म्हणते, "बरं झालं. मग सकाळचा डबा कोण करणार?" मोठी जाऊ तुम्ही. दहातल्या नऊ जणी ते दुसरं वाक्य टोमण्यात म्हणतात, भुवया वगैरे उडवून. ऑडिशन बघणाऱ्याने सकाळपासून तोच टोमणा ऐकलेला असतो. तुम्ही "बरं झालं"वर थांबून बघा. तिला नोकरी लागली हे ऐकताना तुम्हाला खरंच काय वाटलं? आनंद? की लग्नाआधी सोडलेली स्वतःची नोकरी आठवली? ते डोळ्यांत एक क्षण येऊ द्या आणि मग डब्याचा प्रश्न अगदी साधा, हिशेबाचा म्हणून विचारा. टोमणा आपोआप लागतो, वर बाई माणूस वाटते. समोरची बोलत असताना तुमच्या चेहऱ्यावर काय चाललंय यावरच आपली निवड होते. आपल्या वाक्यावर फार कमी.

दोन वेगळ्या पद्धतींनी म्हणून पाठवा, पाच नको. फाइलला स्वतःचं नाव आणि पात्राचं नाव द्या. पाठवल्यावर "सर काय झालं" असे रोज मेसेज करू नका. उत्तर आलं नाही तर काम दुसरीला गेलं असं समजा आणि पुढच्या टेपला लागा. नकार बहुतेक वेळा अभिनयाचा नसतोच. नायिका उंच असते आणि तुम्ही तिची आई म्हणून खांद्याला लागता, एवढं कारण पुरतं.

प्रत्यक्ष बोलावलं तर लुक टेस्ट (पात्राच्या वेशात कशा दिसता ते बघणं) किंवा मॉक शूट (सीनचं चाचणी चित्रीकरण) असतं. त्यासाठी दोन साध्या सुती साड्या, एक जरा बरी, सलवार-कुडता, टिकल्यांचं पाकीट आणि घरचं मंगळसूत्र बरोबर ठेवा.

पायरी पाचवी: फसवणुकीला नाही म्हणा

नाशिकमध्ये हॉटेलच्या हॉलमध्ये 'मालिकेसाठी ऑडिशन'च्या जाहिराती अधूनमधून लागतात. नियम सोपा ठेवा: काम देणारा पैसे देतो, घेत नाही. नोंदणी फी, 'आर्टिस्ट कार्ड', त्यांच्याच फोटोग्राफरकडून फोटो, ड्रेसचं डिपॉझिट, यातलं काहीही मागितलं की पाय मागे घ्या. को-ऑर्डिनेटरने, म्हणजे कलाकारांना काम मिळवून देणाऱ्या मध्यस्थाने, मिळवून दिलेल्या कामात त्याचं कमिशन असतं, तो व्यवहार उघड असतो. पण ते तुमचे पैसे आल्यावर कापलं जातं, आधी नाही.

ऑडिशन देण्यासाठी कुठलंही कार्ड लागत नाही. सिंटा ही सिनेमा-टीव्ही कलाकारांची १९५८पासूनची संघटना आहे. तिचं सदस्यत्व थेट संघटनेकडे अर्ज करून घ्यायचं असतं, कॉलेज रोडवरच्या एखाद्या ऑफिसात नाही. चॅनेलचं नाव सांगणाऱ्याला निर्मिती संस्थेचं नाव विचारा आणि तिथे काम केलेल्या कोणाला तरी फोन लावा. नाट्यसंस्थेत वर्षभर काढलेलं असलं की असा एक फोन नंबर नक्की जवळ असतो.

रात्रीची 'मीटिंग', लॉजवर ऑडिशन, "एकटीच या" असा निरोप आला तर जाऊ नका, कारणही देत बसू नका. पहिल्या काही ऑडिशनना कोणाला तरी बरोबर न्या. चांगल्या कास्टिंग ऑफिसात कोणी भुवई उंचावत नाही.

पायरी सहावी: पैसे आणि करार

हे सगळ्यांत कमी शिकवलं जातं, म्हणून जरा सविस्तर.

दर ठरतो तो दिवसावर, आणि दिवस म्हणजे बारा तासांची शिफ्ट. विचारायचे प्रश्न असे: शिफ्ट किती तासांची, महिन्याला किती दिवसांची हमी, त्याहून कमी दिवस बोलावलं तर पैसे हमीच्या दिवसांचे की प्रत्यक्ष कामाचे, येण्या-जाण्याचे वेगळे की त्यातच, कपडे-दागिने त्यांचे की आपले, आणि पैसे कधी. शेवटच्या प्रश्नाचं नेहमीचं उत्तर 'नव्वद दिवसांनी' असं असतं. म्हणजे जूनमध्ये केलेल्या कामाचे पैसे गणपती येऊन गेल्यावर. तोवरचं भाडं, प्रवास, खाणं पदरचं. म्हणूनच चार महिन्यांचा खर्च हाताशी असल्याशिवाय नाशिकची नोकरी सोडू नका, असं मी प्रत्येकीला सांगते आणि प्रत्येकीला ते कडू लागतं.

करारात दुसरीकडे काम करायला बंदी आहे का ते वाचा. हमी थोड्या दिवसांची आणि बंदी पूर्ण महिन्याची असेल तर तसं स्पष्ट बोला. बाहेरची नाटकं, डबिंग, जाहिरात यांना सूट मागितली तर पुष्कळदा मिळते. न मागता कोणी देत नाही. तुम्ही सोडायचं ठरवलं तर किती दिवस आधी कळवायचं आणि त्यांनी पात्र संपवलं तर तुम्हाला किती आधी कळवणार, हे दोन्ही आकडे बघा. पहिला नेहमी लिहिलेला असतो, दुसरा बऱ्याचदा नसतो.

रोजच्या कामाची नोंद स्वतःच्या वहीत ठेवा: तारीख, कॉल (सेटवर हजर राहायची वेळ) किती वाजता, पॅकअप (काम संपल्याची वेळ) किती वाजता, कोणते सीन. महिनाअखेरीला त्यावरून बिल करा आणि प्रॉडक्शनच्या हिशेबनिसाला मेलवर पाठवा. व्हॉट्सअॅपवरचं बिल हरवतं. मानधनातून साधारणपणे १० टक्के टीडीएस, म्हणजे आगाऊ कापलेला आयकर, वजा करून रक्कम जमा होते. पॅन दिलेला नसेल तर जास्त कापतात. वर्षाचं उत्पन्न करपात्र नसेल तरी विवरणपत्र भरा, कापलेले पैसे परत मिळतात. जीएसटीची नोंदणी सेवांसाठी वर्षाला २० लाखांच्या वर उलाढाल गेली की लागते, तेव्हा पहिल्या वर्षी ती काळजी नको. नाशिकमधलाच एखादा ओळखीचा सीए एकदा गाठून ठेवा.

पैसे थकले तर आधी हिशेबनीस, मग ईपी, म्हणजे एक्झिक्युटिव्ह प्रोड्यूसर, आणि तरी नाही तर संघटना, ही पायरी सोडू नका. समाजमाध्यमांवर रागाने लिहिणं सर्वांत शेवटी.

पायरी सातवी: मुंबईला कधी हलायचं

हमीचं काम हातात आल्यावर. त्याआधी नाही.

ऑडिशन आणि लुक टेस्टसाठी नाशिकरोडहून सकाळी सातच्या सुमाराची पंचवटी एक्स्प्रेस पुरते. दादरला उतरून अंधेरी-गोरेगाव गाठता येतं आणि संध्याकाळच्या पंचवटीने घरी. शूटिंगला मात्र हे जमत नाही, कारण सातचा कॉल म्हणजे सातला मेकअपच्या खुर्चीत. मराठी मालिकांचे सेट गोरेगावच्या चित्रनगरीत, ठाण्याच्या घोडबंदर रोडला, मीरा रोडला, मढला असे पसरलेले असतात. सेट कुठे ते कळल्यावर त्याच्या जवळ खोली बघा, नातेवाइकांच्या जवळ नको. डोंबिवलीच्या मावशीकडून मढला रोज जाणारीचा चेहरा पंधरा दिवसांत उतरतो. दोघी-तिघींनी मिळून जागा घ्या. हमी थोड्या दिवसांची असेल तर नाशिकचं घर कायम ठेवून शूटिंगपुरतं तिकडे राहणंच परवडतं. काही वेळा सेट नाशिकमध्येच लागतो, तेव्हा स्थानिक कलाकारांना राहण्या-जेवणाचा खर्च न करता घेता येतं म्हणून पहिली पसंती मिळते. ती संधी सोडू नका.

पायरी आठवी: सेटवरचा पहिला दिवस

वेळेच्या पंधरा मिनिटं आधी पोचा. स्पॉट दादा, मेकअप दादा, ड्रेस दादा, हेअरच्या ताई, सगळ्यांची नावं विचारून घ्या. ज्येष्ठ कलाकारांना भेटून नमस्कार करा, सेल्फी नंतर. स्क्रिप्ट कधी आदल्या रात्री येते, कधी सीनच्या अर्धा तास आधी हातात पडते. पाठांतराची सवय म्हणूनच लागते. रोज सकाळी पेपरमधला एक परिच्छेद पाठ करून बघा.

एक सीन घेऊ. नायिका रागाने घर सोडून निघालीय. तुम्ही काकू, हातात पोह्यांची डिश. तुमचं वाक्य एकच: "अगं, खाऊन तरी जा." आधी मास्टर होतो, म्हणजे सगळे दिसतील असा लांबचा शॉट. त्यात तुम्ही 'खाऊन'वर एक पाऊल पुढे आलात आणि 'जा' म्हणून झाल्यावर डिश डाव्या हाताने टेबलावर ठेवलीत. मग लाइट बदलतात, चहा होतो, आणि पाऊण तासाने तुमचा क्लोज, म्हणजे जवळून घेतलेला शॉट, लागतो. तेव्हा पाऊल 'खाऊन'वरच पडलं पाहिजे आणि डिश त्याच हाताने, त्याच शब्दानंतर खाली गेली पाहिजे. नाहीतर एडिटरला दोन्ही तुकडे जोडता येत नाहीत, आणि मग तो काय करतो? तुमचा क्लोजच टाकून देतो. नव्या मुलींना वाटतं आपल्याला डावललं. बऱ्याचदा डिश चुकलेली असते.

म्हणून हालचाली थोड्या ठेवा आणि प्रत्येक हालचाल एका शब्दाला बांधा. सीन संपल्यावर पदर, टिकली, मंगळसूत्र आत की बाहेर, केसांची बट, घाम, सगळं आरशात बघून लिहून घ्या किंवा सेटवर परवानगी असेल तर स्वतःचा फोटो काढून ठेवा. तो कुठेही टाकू नका. त्या सीनचा पुढचा भाग चार दिवसांनीसुद्धा होऊ शकतो. कंटिन्युइटी, म्हणजे शॉटशॉटमधला हा मेळ, बघणारा असिस्टंट असतो, पण त्याच्यापुढे आठ माणसं असतात आणि तुमच्यापुढे तुम्ही एकट्याच.

नायिकेच्या क्लोजला तुम्हाला कॅमेऱ्याशेजारी उभं राहून संवाद द्यायचे असतात. फोन बघत, कोरडे देऊ नका. तिचे डोळे भरून येण्याला तुमचं तिथलं ऐकणं कारणीभूत असतं आणि तिला ते कळतं. पुढच्या मालिकेत "काकूंना घ्या" असं सांगणारी तीच असते.

आणि मालिकेतला तो सुप्रसिद्ध क्षण, जेव्हा संगीत वाजतं आणि कॅमेरा एकेकाच्या तोंडावर जातो. हसू येतं, पण ते काम आहे. दिग्दर्शक म्हणेल "रिअॅक्शन धरा". तोंड उघडून बघत राहू नका. एक ठाम विचार मनात धरा, "आता हिच्या आईला कोण सांगणार?" असा काहीतरी, आणि दिग्दर्शक थांबा म्हणेपर्यंत तो सोडू नका. रिकामा चेहरा आणि विचार करणारा चेहरा यांतला फरक टीव्हीवर स्वच्छ दिसतो.

सेटवरच्या वागणुकीबद्दल एकच पक्कं लक्षात असू द्या. कामाच्या ठिकाणी होणाऱ्या लैंगिक छळाविरुद्धचा २०१३चा कायदा शूटिंगलाही लागू आहे. दहा किंवा त्याहून जास्त लोक काम करत असतील तिथे अंतर्गत समिती असावीच लागते. तक्रार तीन महिन्यांच्या आत लेखी द्यायची, आणि समिती नसेल तर जिल्ह्याच्या स्थानिक समितीकडे. समितीत कोण आहे हे पहिल्याच आठवड्यात सहज विचारून ठेवा.

पायरी नववी: ट्रॅक संपल्यावर

ट्रॅक म्हणजे मालिकेतला आपल्या पात्राचा कथाभाग. तो संपतोच. लीप येतो, म्हणजे कथा एकदम काही वर्षं पुढे जाते, कथा दुसऱ्या गावात जाते, काकू तीर्थयात्रेला जाते ती परत येत नाही. निरोप पुष्कळदा फोनवर आणि उशिरा मिळतो. शेवटच्या दिवशी सगळ्यांना नीट भेटून निघा, थकलेल्या बिलांची यादी ईपीकडे मेलने पाठवा. प्रसारित झालेल्या भागांतले आपले चांगले तुकडे निवडून दीड-दोन मिनिटांची चित्रफीत करा. त्यात ज्या सीनमध्ये तुम्ही ऐकताय असा एक तरी तुकडा घ्या. मग ओळखीच्या कास्टिंगवाल्यांना दोन ओळींचा मेसेज: अमुक मालिकेतलं काम संपलं, आता मोकळी आहे, सोबत चित्रफीत.

लगेच दुसरं काम येत नाही असं धरून चला. मधल्या दिवसांत डबिंग करता येतं, त्यासाठी आवाज आणि ओठांची वेळ जुळवायचा सराव लागतो. नाशिक आकाशवाणीकडे ऑडिशनबद्दल विचारणा करा. शाळा-कॉलेजांत नाटक बसवून द्यायला बोलावतात, तेही घ्या. तेच पात्र पुन्हा पुन्हा देऊ करत असतील, सलग तिसरी कजाग सासू, तर पहिल्या दोन वर्षांत नाही म्हणू नका. तिसऱ्या वर्षी मात्र एखादी लघुपटातली किंवा प्रायोगिक नाटकातली अगदी उलटी भूमिका शोधून करा आणि तिचाच तुकडा चित्रफितीत पहिला लावा. नोव्हेंबरच्या आसपास नाशिकला असाल तर सायखेडकरला राज्य नाट्यचे प्रयोग बघायला जा. पुढच्या वर्षीचं नाटक कोण बसवतंय, त्यात चाळिशीची बाई आहे का, हे मध्यंतरात चहाच्या टपरीवर कळतं.